विश्लेषण : दारू एकाची, टेम्पो दुसऱ्याचा... जप्त वाहन सुटायला इतकी वर्षे का लागतात?

कुठल्याही तालुक्याच्या पोलीस ठाण्यामागचे आवार आठवून पाहा. हवा गेलेल्या टायरवर बसलेला छोटा हत्ती, वेलीने अर्धी गिळलेली जीप, सीट फाटलेल्या दुचाकींची रांग आणि काचेवर रंगाने लिहिलेला गुन्हा क्रमांक. त्यात काही वाहने अपघातातली असतात, काही चोरीची, काही वाळूची. काही दारूची. ‘दारूची’ म्हणजे दारू वाहून नेताना पकडलेली. ती दारू कधीच नष्ट केलेली असते. नमुना तपासून अहवालही आलेला असतो. खटल्याला तारखा पडत राहतात आणि गाडी मात्र जागची हलत नाही.

अशा एखाद्या गाडीबाबत न्यायालयाने ‘वाहन मालकाला परत द्या’ असा आदेश दिला की बातमीखाली ठरलेली प्रतिक्रिया येते : घ्या, सुटले दारूवाले! त्या आदेशात कोणीच सुटलेले नसते, हा भाग बहुतेकांच्या लक्षात येत नाही. कोणाची गाडी सुटते, कोणाची सुटत नाही आणि त्यासाठी कोणाला कुठपर्यंत धाव घ्यावी लागते, हे पाहिले तर दारूबंदीचा कायदा प्रत्यक्षात कोणाच्या खिशातून राबवला जातो ते कळते.

सुपूर्दनामा म्हणजे निर्दोष सुटका नव्हे

खटला सुरू असताना वाहन परत मिळते ते सुपूर्दनाम्यावर. मालक न्यायालयाला बंधपत्र लिहून देतो. वाहन विकणार नाही, रंग-रूप बदलणार नाही, बोलावले तेव्हा हजर करीन आणि तसे न केल्यास अमुक रक्कम भरीन, असे त्यात असते. सोबत जामीनदार द्यावा लागतो. गाडी घरी येते, पण कायद्याच्या दृष्टीने ती न्यायालयाच्याच ताब्यात असते. मालक फक्त सांभाळणारा. पुढे खटल्यात गाडी सरकारजमा करण्याचा आदेश झाला तर ती आणून द्यावीच लागते.

थोडक्यात, माणसाला जसा जामीन तशी गाडीला ही सोय. फौजदारी प्रक्रिया संहितेत ती कलम ४५१ आणि ४५७ मध्ये होती. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ती कलम ४९७ आणि ५०३ मध्ये आहे. नव्या संहितेने मुदतही घातली. वस्तू न्यायालयापुढे आल्यापासून १४ दिवसांत तिचे वर्णन तयार करायचे, छायाचित्रे किंवा गरज असल्यास चित्रीकरण करायचे आणि त्यानंतर ३० दिवसांत तिचे काय करायचे याचा आदेश द्यायचा. ही छायाचित्रे पुरावा म्हणून चालतात. हिशेब केला तर दीड महिन्याचे काम. ही मुदत सगळीकडे काटेकोर पाळली गेली तर वर सांगितलेले आवार निम्मे मोकळे होईल.

अडचण येते ती दारूबंदीसारखा विशेष कायदा मध्ये आडवा येतो तेव्हा.

एकाच कायद्याची दोन घरे

महाराष्ट्र आणि गुजरात यांचा दारूबंदी कायदा मुळात एकच, १९४९ चा मुंबई दारूबंदी अधिनियम. १९६० मध्ये मुंबई राज्याचे दोन भाग झाले आणि कायदा दोन्ही घरांत गेला. नावे पुढे बदलली. गुजरातने सरसकट बंदी कायम ठेवली. महाराष्ट्रात परवाना पद्धत आली आणि पूर्ण बंदी मोजक्या जिल्ह्यांपुरती उरली. वर्ध्यात ती १९७४ पासून आहे, गडचिरोलीत १९९३ पासून. चंद्रपूरमध्ये २०१५ साली लागू झाली आणि २०२१ मध्ये उठली. पण बाकी महाराष्ट्रातही विनापरवाना वाहतूक हा गुन्हा याच कायद्याखाली नोंदवला जातो. सिंधुदुर्गात गोवा बनावटीच्या दारूसह पकडलेल्या टेम्पोच्या बातम्या येतात, तो टेम्पो याच कायद्याने जप्त झालेला असतो.

या कायद्याचे कलम ९८ सांगते की बेकायदा दारू, ती ज्यात ठेवली ती खोकी आणि ती वाहून नेणारी जनावरे, गाड्या, नौका, वाहने हे सगळे न्यायालयाच्या आदेशाने सरकारजमा होऊ शकते. लगेच पुढचे कलम ९९ मात्र मालकाच्या बाजूने एक भिंत उभी करते. गुन्हा घडू नये म्हणून आपण योग्य ती काळजी घेतली होती, अशी मालकाने न्यायालयाची खात्री पटवली तर त्याचे जनावर वा वाहन सरकारजमा करता येत नाही. १९४९ साली कायदा लिहिणाऱ्यांना ठाऊक होते की बैलगाडी एकाची असते, हाकणारा दुसरा असतो आणि पेंढ्याखाली मडके लपवणारा तिसराच असू शकतो.

‘जनावरे’ हा शब्द इथे महत्त्वाचा आहे. बैल जप्त केला तर त्याला रोज वैरण-पाणी लागते. पाच-सात वर्षे तो ठाण्यात बांधून ठेवायची कल्पना कोणी केली नसती. टेम्पो हंबरत नाही, एवढाच काय तो फरक.

गुजरातने काय बदलले?

गुजरातने कलम ९८ मध्ये एक वाक्य वाढवले. जप्त दारू नियमांत ठरवलेल्या प्रमाणापेक्षा जास्त असेल, तर वाहन अंतिम निकाल लागेपर्यंत बंधपत्रावर किंवा जामिनावर सोडायचे नाही. गुजरात उच्च न्यायालयापुढे डिसेंबर २०१७ मध्ये हा प्रश्न आला तेव्हा ते प्रमाण १० लिटर होते. १० लिटर म्हणजे ७५० मिलीच्या १३ बाटल्या, चौदावी आली की मर्यादा ओलांडली. एका खोक्यात १२ बाटल्या मावतात. कलम एवढे स्पष्ट असल्याने खालच्या न्यायालयांना वाहन सोडता येणार नाही, असे उच्च न्यायालयाने म्हटले. मात्र राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली स्वतः उच्च न्यायालय तसा आदेश देऊ शकते, हा दरवाजा त्याने उघडा ठेवला. त्यानंतर एकेका टेम्पोसाठी, एकेका मोटारीसाठी अहमदाबादेत याचिका दाखल होत राहिल्या.

समजा, नाशिकच्या एका माणसाने कर्ज काढून पिकअप घेतली. सुरतेच्या बाजारात टोमॅटो पोहोचवायचे भाडे मिळाले. चालकाने वाटेत कोणाकडून तरी दोन खोकी घेतली आणि क्रेटखाली सरकवली. गुजरातच्या हद्दीत नाकाबंदीत गाडी पकडली गेली. महाराष्ट्राच्या हद्दीत असे घडले असते तर मालकाला तालुक्याच्या न्यायदंडाधिकाऱ्याकडे अर्ज करता आला असता. आपल्या कलम ९८ मध्ये वाहन अडकवून ठेवणारे ते वाढीव वाक्य नाही. सीमेपलीकडे मात्र मूळ कायदा तोच असून न्याय मिळण्याचे ठिकाण काही शे किलोमीटर दूर सरकले. वकील उच्च न्यायालयाचा, फी उच्च न्यायालयाची, आणि ज्याचे उत्पन्न थांबले आहे त्यानेच ती भरायची.

आणखी एक विचित्र गोष्ट. ज्याने खोकी ठेवली तो चालक आरोपी आहे. त्याला जामिनाचा अर्ज करता येतो आणि मिळाला तर तो काही दिवसांत किंवा आठवड्यांत घरी जातो. ज्याचे नाव गुन्ह्यात नाही त्या मालकाची गाडी मात्र निकालापर्यंत आत. कलम ९९ चे संरक्षण कागदावर तसेच आहे. पण ते मिळते खटल्याच्या शेवटी. तोपर्यंत संरक्षण करण्याजोगे काय उरते?

उभी गाडी झिजते

गाडी चालवली नाही तर ती आहे तशीच राहते, हा समज फक्त कागदावरच्या गाडीला लागू पडतो. बॅटरी काही आठवड्यांतच उतरते आणि तशीच महिनोन्‌महिने राहिली तर पुन्हा चार्ज होत नाही. गाडीचे वजन टायरच्या एकाच भागावर पडून राहते. हवा जाते, कडा चिरतात. डिझेलच्या टाकीत दमटपणाने पाणी साठते, गंज धरतो आणि पहिल्यांदा सुरू करताना तोच गाळ पंप आणि इंजेक्टरपर्यंत पोहोचतो. ब्रेक जाम होतात. रबरी सील वाळतात. उंदीर वायरिंग कुरतडतात. नव्या गाड्यांत जागोजागी सेन्सर असल्याने हे शेवटचे दुखणे सर्वांत महागडे. शिवाय स्टेपनी, टेप, कधी कधी अख्खी बॅटरी ‘गायब’ होते, ते वेगळेच. पंचनाम्यात तिची नोंद नसेल तर विचारायचे कोणाला?

वाहन विम्यात गाडीची किंमत धरण्याचे रूढ कोष्टक आहे. गाडी सहा महिने ते एक वर्षाची असेल तर मूळ किमतीतून १५ टक्के वजा होतात, चार ते पाच वर्षांची असेल तर ५० टक्के. हा हिशेब रोज धावणाऱ्या, वेळेवर सर्व्हिसिंग होणाऱ्या गाडीचा आहे. पाच पावसाळे उघड्यावर काढलेल्या गाडीची किंमत भंगारवाला किलोवर ठरवतो. कर्जाचा हप्ता मात्र गाडी कुठे उभी आहे हे विचारत नाही. दंड म्हणून न्यायालयाने जेवढी रक्कम कधीच सुनावली नसती, तेवढे नुकसान कोणी निकाल न देताच झालेले असते. दारूबंदी हवी की नको, हा वाद बाजूला ठेवला तरी ही शिक्षा कायद्याच्या कुठल्याच कलमात लिहिलेली नाही.

२००२ चा निकाल आणि त्यातली मेख

या सगळ्या अर्जांत ज्या निकालाचा हवाला हमखास दिला जातो तो सर्वोच्च न्यायालयाचा, १ ऑक्टोबर २००२ चा. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य. न्या. एम. बी. शाह आणि न्या. डी. एम. धर्माधिकारी यांच्या खंडपीठाने सांगितले की जप्त वाहने वर्षानुवर्षे ठाण्यात ठेवून काहीही साधत नाही. योग्य बंधपत्र आणि हमी घेऊन दंडाधिकाऱ्यांनी तातडीने आदेश द्यावा. वस्तू ठाण्यात ठेवायचीच असेल तर १५ दिवस ते एक महिना, त्याहून जास्त नाही. पंचनामा करा, छायाचित्रे काढा, पुरावा म्हणून ती पुरेशी आहेत. खुद्द दारूबाबतही न्यायालयाने हेच म्हटले : नमुना ठेवा, बाकीची विल्हेवाट लावा, मोठा साठा ठाण्यात कदापि ठेवू नका.

हा निकाल सगळे उद्धृत करतात, पण ते प्रकरण कशाचे होते हे क्वचितच सांगितले जाते. त्यातले आरोपी पोलीस कर्मचारीच होते. ठाण्यात जमा असलेला मुद्देमाल बदलून त्या जागी बनावट वस्तू ठेवल्याचा, पैशांचा अपहार केल्याचा आणि जप्त मालाचा परस्पर लिलाव केल्याचा आरोप त्यांच्यावर होता. वस्तू जितका जास्त काळ ठाण्यात तितका तिच्यावर डल्ला पडण्याचा धोका जास्त, हे न्यायालयापुढे उघड दिसत होते. २०१७ मध्ये बिहारमधून आलेली बातमी अनेकांना आठवत असेल. ठाण्यातली जप्त दारू कमी कशी झाली, तर उंदरांनी प्यायली, असे पोलिसांकडून सांगण्यात आले होते. देशभर हसे झाले. उंदीर बिचारे उलट तपासणीला येत नाहीत.

बिहारची वाट : आधी पैसे, मग गाडी

बिहारमध्ये ५ एप्रिल २०१६ पासून संपूर्ण दारूबंदी आहे. तिथे वाहन सरकारजमा करायचे की नाही हे न्यायालय ठरवत नाही, जिल्हाधिकारी ठरवतो. त्याच्या आदेशावर अपील उत्पादन शुल्क आयुक्तांकडे. म्हणजे पकडणारे सरकार, निर्णय देणारे सरकार आणि अपील ऐकणारेही सरकार. सुरुवातीचा कायदा तर इतका कडक होता की घरात बाटली सापडली तर घरातल्या प्रौढ माणसांवरही ठपका येई आणि गावाला सामूहिक दंड करण्याचीही तरतूद होती. २०१८ मध्ये ती धार कमी करावी लागली. डिसेंबर २०२१ मध्ये तत्कालीन सरन्यायाधीश एन. व्ही. रमणा यांनी दूरदृष्टी न ठेवता केलेल्या कायद्याचे उदाहरण म्हणून याच कायद्याचे नाव जाहीर भाषणात घेतले. जामीन अर्जांनी पाटणा उच्च न्यायालय तुंबले होते.

२०२२ मध्ये बिहारने वाहनांसाठी दंड भरून सोडवण्याची सोय आणली. आधी हा दंड गाडीच्या विमा मूल्याच्या ५० टक्के होता, एप्रिल २०२३ मध्ये तो १० टक्क्यांवर आणला गेला. ८ लाख विमा मूल्याच्या गाडीला आधी ४ लाख, नंतर ८० हजार. मालकांना दिलासा मिळाला, यात शंका नाही. पण हा दंड कशाचा? चालकाने केले ते मालकाला माहीत होते का, याचा निर्णय व्हायच्या आधीच तो भरायचा आहे. बंधपत्रात निर्दोष ठरलात तर काही द्यावे लागत नाही. इथे गाडी हवी असेल तर निर्दोष माणसानेही पैसे मोजायचे. याला सुटका म्हणायचे की सोडवणूक?

गुजरातने ऑगस्ट २०२४ मध्ये तिसरी वाट धरली. अंतिम निकालाआधीच जप्त वाहनाचा लिलाव करता यावा, अशी दुरुस्ती तिथल्या विधानसभेने मंजूर केली. आवारे रिकामी होतील, गाडी गंजण्याआधी तिची काही किंमत येईल, हा विचार चुकीचा नाही. कोणी दावाच न केलेल्या वाहनांसाठी तर तो योग्यच आहे आणि २००२ च्या निकालातही बेवारस वाहनांच्या लिलावाची मुभा आहे. पण मालक समोर उभा राहून गाडी मागत असेल तेव्हा पर्याय लिलावाचा नसतो. त्याला गाडीची किंमत नको असते, गाडी हवी असते. भाडे गाडीने मिळते.

पोलिसांच्या म्हणण्यात तथ्य नाही का?

आहे. वाहन सोडले की तेच पुन्हा धंद्याला लागते, हा तपास अधिकाऱ्यांचा नेहमीचा आक्षेप काल्पनिक नाही. सीटखाली चोरकप्पे केलेल्या गाड्या, बनावट नंबरप्लेट, कागदोपत्री मालक भलताच आणि खरा मालक पडद्यामागे, हे प्रकार घडतात. अशा गाडीला सुपूर्दनामा नाकारण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्याला आहेच आणि त्याने तो वापरलाही पाहिजे. दुसऱ्यांदा सापडलेल्या गाडीबाबत तर दया दाखवायचे कारण नाही.

पण त्यासाठी प्रत्येक प्रकरण कोणीतरी पाहावे लागते. सरसकट बंदी नेमके तेच टाळते. चोरकप्पा असलेली गाडी आणि टोमॅटोच्या क्रेटखाली दोन खोकी सापडलेली गाडी तिला सारखीच दिसते. आणि मोठ्या पुरवठादाराचे काय बिघडते? त्याने जुनी गाडी स्वस्तात उचललेली असते, ती गेली तर धंद्यातला खर्च म्हणून तो सोडून देतो. न्यायालयाच्या पायऱ्या चढतो तो ज्याचे घर त्या गाडीवर चालते तो. जानेवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आसाममधील एका ट्रकबाबत निकाल दिला. त्यात दारू नव्हे, हेरॉइन सापडले होते. ट्रक कर्जाने घेतलेला, तेच उत्पन्नाचे साधन आणि मालक आरोपी नव्हता. अमली पदार्थविरोधी कायद्यात अंतरिम सुटकेला स्पष्ट मनाई नाही, असे सांगत न्यायालयाने अटी घालून ट्रक सोडला. हेरॉइनच्या प्रकरणात न्यायाधीशाला माणूस आणि कागद पाहून ठरवता येते. मग दारूच्या चौदाव्या बाटलीने त्याचे हात का बांधावेत, याचे पटण्याजोगे उत्तर गुजरातच्या त्या वाढीव वाक्यात सापडत नाही.

महाराष्ट्राने पाठ थोपटून घ्यावी असेही काही नाही. इथे कलमाचा अडसर नाही, तरी आवारे भरलेलीच आहेत. गडचिरोलीत किंवा वर्ध्यात भाच्याने नेलेली मामाची दुचाकी पकडली गेली, तर वकिलाची फी आणि चार हेलपाट्यांची मजुरी धरून हिशेब गाडीच्या किमतीपुढे जातो. मामा अर्जच करत नाही. नव्या संहितेतील ४४ दिवसांचा हिशेब अशा वेळी मालकाने मागायची वाट न पाहता न्यायालयाने आणि पोलिसांनी स्वतःहून पाळायचा आहे. तसे झाले तर मामाला वकिलाची गरज फारशी उरणार नाही.

अर्ज करायचा तर...

अर्ज नोंदणीकृत मालकानेच करायचा असतो. गाडी दुसऱ्याच्या नावावर असेल तर आधी तिथेच गाडे अडते. जुनी गाडी घेऊन नावावर न करणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे. आरसी, विमा, ओळखपत्र, एफआयआर आणि जप्ती पंचनाम्याची प्रत जोडावी लागते. गाडी कर्जावर असेल तर कर्ज देणाऱ्या संस्थेचे पत्र सोबत असलेले बरे. न्यायालय पोलिसांचे म्हणणे मागवते. त्यांचा मुख्य आक्षेप पुरावा नष्ट होण्याचा असेल तर छायाचित्रे आणि पंचनामा हे त्याचे उत्तर. मालकाने काळजी घेतली होती हे दाखवणारी कागदपत्रे इथेच कामी येतात. चालकाचा परवाना तपासल्याची नोंद, मालाची बिल्टी, भाडे ठरवल्याचे मेसेज, जीपीएसचा मार्ग. पुढे कलम ९९ खाली हेच लागणार असते. म्हणून मोबाइल बदलताना ते मेसेज जपून ठेवावेत.

आदेश हातात पडला की गाडी लगेच बाहेर येते असेही नाही. ताबा घेताना पंचनाम्यातील यादी आणि समोरची गाडी ताडून पाहावी, फरक असेल तर सही करण्याआधी तो तिथेच लिहून घ्यावा. विम्याची मुदत बहुधा संपलेली असते आणि विम्याशिवाय गाडी रस्त्यावर आणली तर नवा दंड. पासिंग संपले असेल तर तेही. त्यामुळे ठाण्यात जाताना सोबत मेकॅनिक, चार्ज केलेली बॅटरी, हवेचा पंप आणि टोचनची सोय लागते.